नाव न घेता विनंती

३ जानेवारी

आत्या, सलाम.

फोन न करता पत्र लिहिते आहे. फोनवर तू पहिल्याच मिनिटाला "मुद्द्याचं बोल" म्हणतेस, आणि हा मुद्दा पहिल्या मिनिटात बोलता येण्यासारखा नाही. शिवाय तू व्हरांड्यात उभी राहून इतक्या मोठ्याने बोलतेस की माझा सर्दी-खोकला अर्ध्या गल्लीला पाठ असतो.

आधी सोपं सांगते. काम बरं चाललं आहे. दिवसभर काचेच्या खोलीत मुलांना बसवायचं, कानांवर हेडफोन चढवायचा आणि म्हणायचं, आवाज आला की बटण दाब. परवा एका पाच वर्षांच्या मुलीने एकदाही बटण चुकवलं नाही, आणि मी तर यंत्र अजून सुरूच केलं नव्हतं. "ऐकू येत नव्हतं तर दाबलंस का गं?" म्हटलं. म्हणाली, "तुम्ही वाट बघत होतात ना, म्हणून."

आता अवघड. माझ्या खोलीत माझ्याबरोबर जी राहते, खालच्या दुकानात चष्मे बनवते, जिला मी इतके दिवस तुला 'मैत्रीण' म्हणून लिहीत आले, तिच्याबद्दल. तो शब्द खोटा नाही, अपुरा आहे. माझं तिच्यावर प्रेम आहे. बायकांचं नवऱ्यावर असतं तसं, किंवा असावं अशी अपेक्षा असते तसं. तिचंही आहे. आमची ओळख इथल्या चर्चच्या मंडळीतच झाली. ती माझ्या पुढच्या बाकावर बसायची आणि प्रत्येक गाणं अर्धा सूर वर गायची.

आत्या, हे मला आज कळलं असं नाही. पंधराव्या वर्षापासून मी दर बुधवारी उपास करत होते, आठवतंय? तुला वाटायचं परीक्षेसाठी. मी देवाकडे एकच मागत होते, मला बदल. नऊ वर्षं मागितलं. पास झाले, नोकरी लागली, तेवढं मात्र झालं नाही.

पप्पांना सांगायचं आहे. आई गेल्यापासून त्यांना प्रत्येक वाईट बातमी तूच सांगत आलीस. ही बातमी वाईट नाही, पण ते तशीच ऐकतील. कसं सांगायचं ते तू ठरव. तोवर हे तुझ्यापाशीच ठेव. वॉर्डातली गोष्ट एकतीस वर्षांत वॉर्डाबाहेर गेली नाही, असं तू अजून अभिमानाने सांगतेस. मला तुझी एक पेशंट समज.

तुझी,
मुंगी

१३ जानेवारी

मुंगे,

पत्र सोमवारी मिळालं. लगेच उत्तर लिहिलं असतं तर ते फाडावं लागलं असतं, म्हणून थांबले.

तू खोटं बोलली नाहीस, हे चांगलं केलंस. बाकी काही चांगलं केलेलं नाहीस. पवित्र शास्त्र मला तुझ्याइतकंच वाचता येतं, आणि तुझ्याआधी चाळीस वर्षं वाचते आहे. त्यात तुझ्या सोयीची फट शोधू नकोस.

तू आजारी आहेस असं मी म्हणणार नाही. जन्मभर आजार पाहिले, हा आजार नाही एवढं मला कळतं. म्हणूनच जास्त भीती वाटते. आजाराला औषध असतं.

आता काय करायचं ते ऐक. ती खोली सोड. महिन्याची नोटीस दे आणि इकडे ये. कान तपासायला इथेही माणसं आहेत. निम्म्या मंडळीला तर गरजच आहे, पाळक ओरडतात म्हणून ऐकू येतं. त्या मुलीशी भांडू नकोस, शांतपणे नीघ.

तुझ्या बापाला मी काही सांगितलेलं नाही. झाकली मूठ राहू दे. तुझं नाव माझ्या तोंडून कुणापुढे गेलेलं नाही, जाणारही नाही. मात्र प्रार्थना सुरू केली आहे, आणि जोरात सुरू केली आहे.

तुझी आई आज असती तर काय म्हणाली असती, हे मी लिहिणार नाही. तू रडत बसशील.

आत्या

२१ जानेवारी

आत्या,

तू नाही लिहिलंस तरी मी रडले, त्यामुळे लिहिलं असतंस तरी चाललं असतं.

मी खोली सोडणार नाही. उर्मटपणा नाही हा. सोडून पाहिली आहे. मागच्या जूनमध्ये सहा आठवडे मी वसतिगृहात राहिले, तुला 'खोलीला रंग लावतायत' असं सांगितलं होतं. सहा आठवडे मी फार पवित्र होते, आणि कुणाशीही धड बोलत नव्हते, देवाशीसुद्धा.

इथे आम्ही सहाजण आहोत. दर गुरुवारी संध्याकाळी चष्म्याच्या दुकानावरच्या आमच्या खोलीत बसतो. सगळे कुठल्या ना कुठल्या मंडळीतले, सगळे माझ्यासारखे. गातो, पण हळू, कारण खालच्या मालकाला वाटतं आम्ही शिवणकाम शिकतो. एक सुतार आहे. त्याने बदलण्यासाठी एकवीस दिवस उपास केला आणि करवतीशेजारी चक्कर येऊन पडला. हात वाचला. तो विचारतो, देवाने आपल्याला चुकून बनवलं का? चष्मेवाली त्याला म्हणाली, "चुकीची घासलेली काच मी रोज कारखान्यात परत पाठवते. मला अजून कुणी परत पाठवलेलं नाही."

मला तिच्यासारखं बोलता येत नाही. मागच्या रविवारी प्रभुभोजनाच्या भाकरीची थाळी माझ्यापुढे आली आणि मी ती तशीच पुढे सरकवली. शेजारच्या बाईंनी पाहिलं. त्या घासाला हात लावायची मला लाज वाटली, आणि न लावण्याचीही.

पण एक गोष्ट तुला विचारायची आहे. चौदाव्या वर्षी शिबिरात माझ्यावर पवित्र आत्म्याचा अभिषेक झाला, कधी न शिकलेली अन्य भाषा प्रार्थनेत तोंडी आली, तेव्हा तू शेजारी होतीस. तुला रडताना मी तेवढं एकदाच पाहिलं. मला वाटलं होतं, ज्या दिवशी मी हिचा हात धरीन त्या दिवशी ती भाषा जाईल. वाट पाहिली मी. गेली नाही. परवा भांडी घासताना आली. हिने नळ बंद केला. आत्या, आत्मा मला सोडून गेला असेल, तर मग ते आलं कुणाकडून?

आणि 'जोरात' म्हणजे काय? तू एकटी कधी जोरात प्रार्थना करत नाहीस. एकटी असलीस की पुटपुटतेस.

आपल्या मंडळीत ड्रम वाजवणाऱ्या टपटपला दोनदा फोन केला, उचलत नाही. तिला सांग, इथला ड्रम वाजवणारा दर गाण्यात पळतो. तिच्याशिवाय मला अजून ठेका सापडत नाही.

तुझी मुंगी

६ फेब्रुवारी

मुंगे,

उत्तराला उशीर झाला. गुडघा धरला होता.

प्रार्थनागृहाला रंग लावणं चाललं आहे. तुझ्या बापाने आणि दोघा वडीलधाऱ्यांनी मिळून रंग निवडला. कावीळ झालेल्या माणसाचे डोळे असतात तसा आहे. मी बोलले नाही. तिघा पुरुषांनी एकमताने काही ठरवलं हीच मोठी गोष्ट.

टपटप बरी आहे. तिला ड्रमवरून सध्या विश्रांती दिली आहे. काही दिवस फोन करू नकोस, त्यांच्या घरात जरा गडबड आहे.

अन्य भाषेबद्दल तू जे विचारलंस त्याचं उत्तर मी दिलेलं नाही. माझ्या लक्षात आहे. आत्ता मी कुणालाही उत्तर देण्याच्या लायकीची नाही.

तुझ्या बापाची तब्येत चांगली आहे.

आत्या

१२ फेब्रुवारी

आत्या,

टपटपचा फोन आला होता.

तू लिहिलेली 'गडबड' तिने मला सविस्तर सांगितली. तुला माहीत आहे हे मला माहीत आहे, तरी लिहिते, कारण तुझ्या पत्रात कावीळ होती, गुडघा होता आणि ती एका ओळीत होती.

पाळकांच्या मागच्या खोलीत, जिथे जास्तीच्या खुर्च्या रचून ठेवतात, तिथे तिला गुरुवारी सकाळी बसवलं. शनिवारी दुपारी सोडलं. तीन दिवस फक्त पाणी. दोन-दोन बायका पाळीपाळीने येत होत्या, डोक्यावर हात ठेवत होत्या आणि म्हणत होत्या, कबूल कर म्हणजे सुटका होईल. तिला पहिला अख्खा दिवस कळलंच नाही की कबूल काय करायचं. तिला वाटलं, त्यांच्या मोटार-वायंडिंगच्या दुकानात तारेचं एक रीळ तिने वडिलांना न विचारता मित्राला दिलं होतं, त्याबद्दल असेल. तिने ते कबूल केलं. पाळकीणबाई म्हणाल्या, त्याहून खोल जा.

केस आखूड आहेत म्हणून, आत्या. मोटार गुंडाळायच्या यंत्रात वेणी अडकली होती म्हणून जी मुलगी केस कापते, तिला. पुरुषासारखी मांड्या फाकवून ड्रमवर बसते म्हणून. ड्रमवर दुसरं कसं बसतात?

तिसऱ्या दिवशी तिने 'हो' म्हटलं. मी विचारलं, कशाला हो म्हटलंस? म्हणाली, "जे विचारत होत्या त्याला. मग सगळ्या रडल्या, हालेलुया म्हणाल्या, आणि मला दूध दिलं." वर हसली. म्हणाली, "मुंगे, मला मुली आवडत असत्या तर तुझ्यासारखी गाणारी सोडून मी मागे बसून थाळ्या बडवल्या असत्या का?"

पंचवीस तारखेला, रविवारी, तिला सगळ्यांपुढे सुटकेची साक्ष द्यायची आहे. पाळकीणबाईंनी लिहून दिली आहे. पाठ करते आहे.

तिला एवढंच माहीत आहे की कुणीतरी प्रार्थनागटात नाव न घेता विनंती दिली होती, 'आराधनेच्या चमूतली एक मुलगी' म्हणून. गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांच्या त्या चमूत अजून माझं नाव आहे. विनंती कुणी दिली हे मी तुला विचारत नाही. तिकडे हे फक्त तुला माहीत होतं.

आता माझं. तिने वीस मिनिटं सगळं सांगितलं, आणि मी वीस मिनिटं फोन कानाला लावून बसले. 'ती मी आहे', एवढंच म्हणायचं होतं. मी म्हणाले, "टपटप, मी तुझ्यासाठी प्रार्थना करते." आणि फोन ठेवला.

तुझीच भाची

१५ फेब्रुवारी

मुंगे,

विनंती मी दिली.

काय आणि कसं झालं ते क्रमाने सांगते. तुला ते माझ्याकडूनच कळलं पाहिजे.

शुक्रवारी माझ्या पुढच्या खोलीत आम्ही सातजणी बसतो, हे तुला माहीत आहे. विनंत्या चिठ्ठीवर लिहून डब्यात टाकायच्या, नाव लिहायचं नाही. हा नियम मीच घातला होता. प्रार्थनेच्या निमित्ताने चहाड्या होऊ नयेत, म्हणून. बारा तारखेला मी चिठ्ठी टाकली. 'आपल्या मंडळीतली, आराधनेच्या चमूतली एक मुलगी दुसऱ्या मुलीच्या प्रेमात पडली आहे, तिच्या सुटकेसाठी.' 'बाहेरगावी असते' एवढं गाळलं, कारण बाहेरगावी तू एकटीच आहेस. तुला लपवायला गाळलं. त्या गाळण्याने बोट दुसरीकडे गेलं.

प्रार्थना चार-पाच मिनिटं नीट झाली. टपटपची आई माझ्यासमोर बसली होती. सगळ्यांत मोठ्याने तीच प्रार्थना करत होती. "प्रभू, त्या पोरीच्या आईला बळ दे," म्हणत होती. मग कुणाचे तरी डोळे उघडले. पाळकीणबाई म्हणाल्या, "चमूत आहेत तरी किती मुली?" दुसरी म्हणाली, "केस कुणी कापलेत?" सगळ्या त्या आईकडे बघत होत्या. तिची प्रार्थना अजून चालू होती. तिला उमगायला जरा वेळ लागला.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती माझ्या दारात आली. चिठ्ठी तिने ओळखली होती. माझं अक्षर कुणाला माहीत नाही? "मेट्रनबाई," म्हणाली, "नाव सांगू नका. एवढंच सांगा, ती माझी आहे का?"

मी म्हणाले, "चिठ्ठीबद्दल बोलायचं नाही, हा नियम आहे."

'नाही' म्हटलं असतं तर संपलं असतं. पण तिचा पुढचा प्रश्न 'मग कोण' हाच असता, आणि त्या प्रश्नाची मला भीती वाटली. मी नियम सांगितला. तिने मान हलवली, पदराने तोंड पुसलं आणि गेली. माझ्या गप्प बसण्याचा तिने हो असा अर्थ घेतला. दुसरा कुठला घेणार? त्याच दिवशी, तिला पाठवून दिल्यावर, मी तुला लिहायला बसले आणि लिहिलं की तुझं नाव माझ्या तोंडून गेलेलं नाही. वाक्य खरं होतं. इतकं खोटं खरं मी कधी लिहिलं नव्हतं.

अजून आहे. खुर्च्यांच्या खोलीत शुक्रवारी दुपारी माझी पाळी होती. मी गेले. न जाण्याला कारण काय सांगणार होते? मीही तिच्या डोक्यावर हात ठेवला. तिने वर पाहिलं, म्हणाली, "आत्याबाई, तुम्ही तरी सांगा, मी काय केलंय?" तू मला आत्या म्हणतेस म्हणून लहानपणापासून तीही म्हणते. मी तिची नाडी पाहिली. फार जलद होती. "हिला साखरपाणी द्या," एवढं म्हणून मी घरी आले. दिलं की नाही, विचारायला परत गेले नाही. एखाद्या नर्सने असं केलं असतं तर मी तिला उभ्या उभ्या घरी पाठवलं असतं.

एकतीस वर्षं मी पोरींना एकच शिकवलं. पलंगाचा नंबर बघून सुई टोचू नका, नाव विचारा. सारख्या दिसणाऱ्या दोन पेशंटांत एकीचं औषध दुसरीला गेलं की माणूस मरतं. आणि मी स्वतः एक पेशंट दुसरीच्या जागी झोपवला. वर हेही बघितलं नाही की मुळात औषध कुणाला हवं होतं का.

पंचवीस तारखेला साक्षीच्या वेळेला मी तिच्याआधी उभी राहणार आहे. विनंती माझी होती, आणि ती टपटपसाठी नव्हती, हे सांगणार आहे. पण नुसतं तेवढं सांगितलं तर लोक म्हणतील, म्हातारीला पोरीची दया आली. तिने स्वतः 'हो' म्हटलंय ना. तुझं नाव घेतलं तरच ती मोकळी होते.

तुझं नाव मी न विचारता एकदा वापरलं, न लिहिता वापरलं. दुसऱ्यांदा न विचारता घेणार नाही. नको म्हणालीस तर माझं तेवढं पाप सांगेन आणि खाली बसेन. तुला दोष देणार नाही. मलाही तुझ्या बापाची भीती वाटते, तो माझ्याहून अकरा वर्षांनी लहान असून.

तेवीस तारखेच्या आत उत्तर पोचू दे.

आत्या

१९ फेब्रुवारी

आत्या,

नाव घे.

एवढंच लिहून पाकीट बंद करणार होते. पण पप्पांना ते रविवारी बाकावर बसून, सगळ्यांबरोबर कळू नये. सोबत दुसरं पाकीट आहे, त्यांच्यासाठी. शनिवारी दे. मी सगळं मीच लिहिलं आहे, तुला काही समजावून सांगावं लागणार नाही. समजावूही नकोस. तू समजावायला लागलीस की माणूस रांगेत उभं राहिल्यासारखं होतं.

काल टपटपला फोन केला आणि सांगितलं. तिने विचारलं, "म्हणजे त्या दिवशी मी सांगत होते तेव्हा तू वीस मिनिटं नुसती ऐकत होतीस?" मी हो म्हटलं. तिने फोन ठेवला. मला तिने चार शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. तिला येतात, मला माहीत आहे.

मी येत नाही. चष्मेवाली म्हणाली, "चल, मी येते, बाहेर फाटकाशी उभी राहीन." मी बॅग भरली आणि रिकामी केली, दोनदा. आत्या, मी तिथे आले तर ते माझ्यावरही हात ठेवतील, प्रेमानेच ठेवतील, ते सगळे मला अंगाखांद्यावर खेळवलेले हात आहेत. आणि मला खात्री नाही की तिसऱ्या दिवशी मीसुद्धा काहीतरी 'हो' म्हणणार नाही. टपटपला माझ्या जागी तीन दिवस बसावं लागलं, आणि मला तिच्यासाठी एक सकाळ उभं राहता येत नाही. हे मी माझ्या नावावर लिहून ठेवते आहे, देवाने वेगळं लिहायची गरज नाही.

माझ्याबद्दल एवढंच सांग: ती मुंगी आहे, ती बदललेली नाही, आणि ती अजून प्रार्थना करते. बदललेली नाही हे गाळू नकोस. तुझी गाळायची सवय महागात पडते.

मुंगी

२८ फेब्रुवारी

मुंगे,

पाकीट तुझ्या बापाला शनिवारी संध्याकाळी दिलं. त्याने ते उभ्यानेच वाचलं, घडी घातली, खिशात ठेवलं आणि रविवारचा शर्ट इस्त्रीला घेतला. शर्ट झाल्यावर पुन्हा तोच शर्ट घेतला. मी तुझं ऐकलं, काही समजावलं नाही. रविवारी नेहमीसारखा तो दारात उभा राहून लोकांना जागा दाखवत होता.

साक्षीची वेळ झाली. पाळकांनी टपटपचं नाव घ्यायच्या आत मी उठले. पाळक म्हणाले, "मेट्रनबाई, तुमची साक्ष पुढच्या रविवारी घेऊ." मी म्हणाले, "पुढच्या रविवारपर्यंत पेशंट टिकणार नाही," आणि पुढे गेले. माझा वॉर्डातला आवाज अजून शाबूत आहे.

क्रमाने सांगितलं. चिठ्ठी माझी. तुझं पूर्ण नाव घेतलं. तू सांगितलेली तिन्ही वाक्यं जशीच्या तशी म्हटली, एकही गाळलं नाही. मग म्हणाले, या मुलीने काहीही केलेलं नाही, आणि हिच्या आईने मला स्पष्ट विचारलं तेव्हा मी नियमाच्या मागे लपले.

टपटपची आई मधल्या रांगेतून उठली. मोठ्याने नाही, पण सगळ्यांना ऐकू जाईल असं तिने विचारलं, "मग माझी पोर 'हो' का म्हणाली?"

मी म्हणाले, "तिला भूक लागली होती."

पाळकीणबाई रडायला लागल्या. त्या कुणासाठी रडत होत्या ते मला कळलं नाही. पाळकांनी गाणं सुरू करायची खूण केली, आणि पेटीवाला कुठलं गाणं म्हणून शोधत राहिला. तेवढ्यात टपटप उठली. हातातला साक्षीचा कागद तिने बाकावर ठेवला आणि मधल्या वाटेने निघाली. माझ्याकडे पाहिलं नाही. दारात तुझा बाप होता. प्रार्थना चालू असताना तो कुणाला बाहेर जाऊ देत नाही, हे तुला माहीतच आहे. उलटी येत असली तरी विचारतो, थांबता येईल का. त्याने दार उघडलं आणि ती जाईपर्यंत धरून ठेवलं. मग तिच्यामागून तिची आई गेली, तेव्हाही धरलं.

त्यानंतर तो माझ्याशी बोललेला नाही. काल एकच विचारलं, "तिचा पत्ता तोच आहे ना?" मी हो म्हटलं. का, ते विचारलं नाही. मीही शिकते आहे.

शुक्रवारचा गट आता पाळकीणबाईंच्या घरी भरतो. मला बोलावणं नाही. तुझ्याबद्दल दोघी-तिघी माझ्या दारावरून जाताना मुद्दाम मोठ्याने सुस्कारे टाकतात. एकीने विचारलं, "भाचीसाठी उपास ठेवायचा का?" मी म्हटलं, तुझ्या साखरेसाठी ठेव, वाढली आहे.

आता तुझ्या प्रश्नाचं. तुझा प्रश्न मी टाळला नाही, पण उत्तर अजून सापडलेलं नाही. वचनाचा अर्थ मला तू लावतेस तसा अजून लागत नाही, आणि मी तुझ्या समाधानासाठी लागतो असं लिहिणार नाही. पण एवढं मला दिसतं, की ज्या खोलीत मी 'आत्म्याच्या नावाने' हात ठेवला तिथे आत्मा नव्हता. तुझ्या नळापाशी होता की नाही, हे सांगणारी मी कोण?

सोमवारी मी वायंडिंगच्या दुकानात गेले. टपटप यंत्रावर होती. तिच्या वडिलांनी मला पाहिलं आणि मागच्या खोलीत निघून गेले. मी उभ्या उभ्या तिची माफी मागितली. तिने तार संपेपर्यंत यंत्र थांबवलं नाही. मग थांबवलं, हात पुसले, म्हणाली, "मी परत ड्रमवर बसणार नाही. तुम्ही सांगितलंत म्हणून आईने पुन्हा रात्रीचं ताट माझ्यापुढे ठेवलं, एवढं झालं." मी म्हटलं, मला काही करता येईल का? ती म्हणाली, "येईल. आत्याबाई, माझ्यासाठी प्रार्थना करू नका."

करत नाही आहे. नाव ओठांवर येतं आणि मी तोंड मिटते. चाळीस वर्षांत इतकं कठीण काही केलं नव्हतं.

तुझ्यासाठीही सोमवारपासून थांबवली आहे. तू 'मला तुझी एक पेशंट समज' म्हणाली होतीस, आणि मी तुला विचारलंच नव्हतं. आता विचारते. तुझ्यासाठी करू का? आणि करायची तर देवाकडे काय मागू, ते तूच लिहून पाठव. नाही म्हणालीस तरी चालेल.

आत्या